ही टीप मूळची नाही

माझं वहिनीशी कधीच पटलं नाही, हे आधीच सांगून टाकते. नंतर कोणी म्हणायला नको की नणंद आहे, म्हणजे आतून माया असेलच. चौतीस वर्षं आम्ही एका खोलीत, पाठीला पाठ लावून, दोन मशीनवर बसतोय आणि एवढ्या वर्षांत मी तिला एकदाही ‘अगं’ म्हटलेलं नाही. मी तिला ‘अहो वहिनी’ म्हणते, ती मला ‘वन्सं’ म्हणते, आणि हा सगळा मान आम्ही एकमेकींना टोचायला वापरतो. माझा भाऊ, म्हणजे तिचा नवरा, होता तेव्हा मधे बसून हसायचा. त्याला जाऊन अकरा वर्षं झाली. आता मधे इस्त्रीचं टेबल आहे.

दुकान म्हणजे घराचीच पुढची खोली. अकरा बाय चौदा. रस्त्याच्या बाजूला काच आणि काचेवर रंगाने लिहिलेलं आहे: ‘जुने कपडे नीट करून मिळतील. नवे शिवत नाही.’ दुसरं वाक्य वहिनीने लिहायला लावलं. लोक येऊन विचारतात, एवढा चांगला हात आहे, नवं का नाही शिवत? ती तोंडातल्या टाचण्या काढत नाही, त्यामुळे उत्तर द्यावं लागत नाही.

तिचं काम उसवायचं. गल्लीत तिला ब्लेडबाई म्हणतात. अर्धं ब्लेड, त्याला एका बाजूने कापडाची पट्टी गुंडाळलेली, एवढंच हत्यार. कोट हातात आला की आधी उलटा करते, अस्तरावरून अंगठा फिरवते आणि आधीच्या शिंप्याची कुंडली मांडते. ‘हा डावखुरा होता.’ ‘ही बाही दोनदा उसवलीय.’ ‘ही टीप मूळची नाही.’ हे शेवटचं तर तिच्या तोंडात बसलेलं वाक्य. मूळची टीप कापडात रुतून बसते आणि नंतरची कितीही सरळ मारली तरी वरवर राहते, असं तिचं म्हणणं. मी स्वतः चौतीस वर्षं टीप मारतेय, मला दोन्ही सारख्याच दिसतात. तिला दिसतं. याचाही मला राग येतो.

आणि जीभही ब्लेडचीच. शाळेच्या मुख्याध्यापिका एकदा पँट घेऊन आल्या, धुतल्यावर आटली म्हणून. वहिनीने पँट उलटी केली आणि म्हणाली, ‘पँट आहे तेवढीच आहे. वाढलात तुम्ही. पाठीमागे दीड इंच कापड आहे, सोडून देते.’ बाई लालेलाल. पण पुढच्या वेळेलाही आल्या, कारण दीड इंच सोडलेलं कोणाला कळलं नव्हतं. गिऱ्हाइकाला बरं वाटावं म्हणून वहिनी कधी खोटं बोलली, असं मला आठवत नाही. घरातल्या माणसांना बरं वाटावं म्हणून तर नाहीच नाही.

एवढ्या बाईचं एकच मऊ ठिकाण, तिचा मुलगा. माझा भाचा. एकतीस वर्षांचा, लिफ्ट दुरुस्त करतो, बायकोबरोबर दोन गल्ल्या सोडून राहतो. रोज सकाळी आठ वाजून दहा मिनिटांनी कामावर जाताना दारात उभा राहून चहा पितो. आत येत नाही, बूट काढावे लागतात म्हणून. दोघं फार बोलतात असंही नाही. तो म्हणतो, ‘साखर कमी आहे.’ ती म्हणते, ‘बरोबर आहे.’ मग मी साखर देते. पण आठ वाजून बारा झाले आणि तो आला नाही, तर वहिनी बॉबिन उलटं बसवते. हे मी पाहिलंय.

तर अशा घरात टीव्हीवाले घुसले.

त्यांचा दिग्दर्शक जॅकेटची चेन बदलायला आला होता. पन्नाशीचा बाप्या, शर्टाला कॉलर नाही, बोलण्याला शेवट नाही. मी त्याचं नाव बिनकॉलर ठेवलं. तासभर काचेबाहेर उभा राहून त्याने वहिनीला उसवताना पाहिलं आणि आत येऊन म्हणाला, ‘तुमच्यात एक अख्खी फिल्म आहे.’

वहिनी म्हणाली, ‘माझ्यात ॲसिडिटी आहे. चेन सोमवारी मिळेल.’

सोमवारी तो कागद घेऊन आला. प्रयोग होता म्हणे. सहा साधी माणसं, सहा घरं, प्रत्येक घरात सहा आठवडे कॅमेरा. निवेदन नाही, संगीत नाही, प्रश्न विचारायचे नाहीत. माणूस जगतो तसा दाखवायचा. कार्यक्रमाचं नावच ‘जसंच्या तसं’. वहिनीने कागद परत केला. पण भाच्याने तो चहा पिताना वाचला होता. तो म्हणाला, ‘आई, कर ना. सगळा जन्म पाठ वाकवून काम केलंस. लोक कपडा घालून मिरवतात, कोणी तुझं तोंड पाहिलंय?’

त्याने सांगितलं म्हणून तिने सही केली. हे लक्षात ठेवा.

मग तीन माणसं आली. बिनकॉलर, एक कॅमेरावाला, जो सहा आठवड्यांत सहा शब्द बोलला असेल, आणि एक तिशीची बाई, कानावर हेडफोन आणि हातात लांब काठीला बांधलेला माइक. तिला आम्ही कानवाली म्हणू लागलो. पहिल्याच दिवशी बिनकॉलर म्हणाला, ‘आम्ही इथे नाहीच असं समजा.’ अकरा बाय चौदाच्या खोलीत दोन मशीन, इस्त्रीचं टेबल, कपड्यांचे गठ्ठे, आम्ही दोघी, त्यात ही तीन धडधाकट माणसं आणि दोन दिवे, आणि म्हणे नाहीच असं समजा. मी इस्त्री करायला मागे सरकले तर कॅमेरावाल्याच्या पायावर उभी राहिले. तो तरीही नव्हता.

आणि जसंच्या तसं कसलं! तिसऱ्या दिवशी वहिनीने एका गणवेशाची बाही उसवली. बिनकॉलर म्हणाला, ‘वा! हे परत एकदा कराल? प्रकाश नीट नव्हता.’

‘उसवलेलं परत कसं उसवू?’

‘मग... आधी शिवा ना.’

वहिनीने त्याच्याकडे असं पाहिलं की मला वाटलं, आता ब्लेड याच्यावर चालतंय. पण सही केलेली होती. तिने ती बाही मुकाट्याने शिवली आणि परत उसवली. रात्री जेवताना म्हणाली, ‘वन्सं, आज मी खोटं काम केलं.’ मी म्हटलं, ‘अहो, बाहीच होती.’ तिने ताट सारलं.

आता कोट. चौथ्या आठवड्यात, शुक्रवारी, निवृत्त पोस्टमन त्याचा करडा कोट घेऊन आला. अस्तर बदलायचं होतं. वहिनीने कोट उलटा केला तर आत उजव्या बाजूला एक चोरखिसा. उजव्या हाताच्या माणसाला चोरखिसा डाव्या बाजूला लागतो, उजवीकडचा त्याच्या काही कामाचा नाही. पोस्टमन म्हणाला, ‘बावीस वर्षं मला हे कोडं आहे. त्या शिंप्याने हा इथे का केला?’

वहिनीने खिशाच्या तोंडावरून अंगठा फिरवला. म्हणाली, ‘हा मुळात नकोच होता. चुकून झाला. झाला म्हणून ठेवला. काढून टाकायचा म्हटलं तर सगळंच उसवावं लागलं असतं.’

पोस्टमन हसला, मी माझं मशीन चालवत होते, कानवालीची काठी डोक्यावर होती. कोणाला काही वाटलं नाही. सोमवारी मी कापलेलं नवं अस्तर लावून, पोस्टमनच्या हट्टामुळे खिसा तिथेच ठेवून, कोट गेला. आणखी दोन आठवड्यांनी टीव्हीवालेही गेले. खोली एकदम एवढी मोठी वाटायला लागली की मी वहिनीवर ओरडले, विनाकारण.

आमच्या घराचे चार भाग होते. दर गुरुवारी संध्याकाळी साडेसातला. पहिले तीन चांगले होते, हे कबूल करते. वहिनीचे हात त्यात असे दिसत होते, जसे मी चौतीस वर्षांत पाहिले नव्हते. भाचा तर वर्कशॉपमध्ये सगळ्यांना सांगत सुटला. चौथ्या गुरुवारी तो बायकोला घेऊन आला, शेजारचा औषधवाला आणि त्याची आई आली, खुर्च्या कमी पडल्या म्हणून आम्ही कपड्यांच्या गठ्ठ्यांवर बसलो.

चित्रात सकाळ होती. भाचा दारात उभा राहून चहा पितोय, पाठ कॅमेऱ्याकडे. कप ठेवतो आणि जातो. वहिनीचा चेहरा येतो, जवळून. ती मशीनवर बसून दाराकडे बघतेय. ओठ दिसत नाहीत, डोळेच दिसतात. आणि त्याच्यावर तिचा आवाज: ‘मुळात नकोच होता. चुकून झाला. झाला म्हणून ठेवला. काढून टाकायचा म्हटलं तर सगळंच उसवावं लागलं असतं.’

मग रिकामं दार, कितीतरी वेळ. संगीत नाही, निवेदन नाही.

औषधवाल्याच्या आईने तोंडावर हात ठेवला. वहिनी म्हणाली, ‘अरे, तो खिसा...’ पण भाचा उठला होता. त्याने बूट घातले, नाड्या नीट बांधल्या, बायकोला म्हणाला, ‘चल.’ आईकडे त्याने पाहिलंच नाही. चिडून आपटून गेला असता तर बरं झालं असतं. दार त्याने हळू लावलं.

दुसऱ्या दिवशी आठ दहाला तो आला नाही. चहा गार झाला. वहिनीने तो ओतला, कप धुतला, जागेवर ठेवला. त्याच्या पुढच्या दिवशीही. तिने फोन केले, सुनेने उचलून सांगितलं, ‘ते बोलायचं नाही म्हणतात.’ ती त्याच्या घरी गेली तर दार सुनेनेच उघडलं, आणि तो आतल्या खोलीत होता, हे त्याच्या बुटांवरून दिसत होतं. तिने दारातून सांगितलं, ‘मी कोटाच्या खिशाबद्दल बोलत होते.’ आतून उत्तर आलं, ‘खिसा झाला म्हणतं का कोणी? पोरगा झाला म्हणतात.’

आमच्या धंद्यात खिसा झाला, काज झालं, बाही झाली असंच म्हणतात. पण लिफ्टवाल्याला ते कसं पटणार!

गल्लीला तर आयतं मिळालं. ज्या बाईने अख्ख्या गल्लीला तोंडावर खरं ऐकवलं, तिचं खरं टीव्हीवर बाहेर पडलं, म्हणून सगळ्यांचा जीव गार झाला. मुख्याध्यापिका अर्धवट राहिलेला स्कर्ट परत घेऊन गेल्या. जाताना म्हणाल्या, ‘पोटच्या पोराबद्दल असं बोलवतं कसं?’ मी त्यांना म्हटलं, ‘कमरेत आणखी एक इंच लागेल, दुसरीकडे सांगा.’ वहिनीला मी बोललेलं आवडलं नाही. तिला माझं काहीच आवडत नाही.

इथे मला एक गोष्ट सांगायची आहे. ती सांगितल्याशिवाय पुढचं सांगण्यात अर्थ नाही.

त्या कोटाच्याही आधी, दुसऱ्या आठवड्यात, एका दुपारी मी मागच्या पायरीवर चहा घेऊन बसले होते. कानवाली शेजारी येऊन बसली. हेडफोन गळ्यात, काठी भिंतीला टेकवलेली. म्हणाली, ‘आत्या, सगळे त्यांच्याबद्दलच विचारतात. तुम्हाला कोणी काही विचारतच नाही, नाही?’ आणि मी विरघळले. चौतीस वर्षांत मला कोणी काही विचारलं नव्हतं, हे खरंच होतं. तिने विचारलं, वहिनी नवं का शिवत नाहीत? आणि मी सांगून बसले. वहिनी लग्नाआधी कटिंग शिकली होती, तिचा हात पाहून दुसऱ्या शहरातल्या एका मोठ्या कपड्यांच्या कारखान्याने तिला कटर म्हणून बोलावलं होतं, बायकांना तेव्हा कोणी कटिंगच्या टेबलाला हातही लावू देत नसे. माझा भाऊही जायला तयार होता. सामान बांधायचं तेवढं बाकी होतं, तेव्हा तिला दिवस राहिले. ती माझ्या आईपाशी रडली, मला आत्ता हे मूल नको, म्हणाली. आईने तिला गप्प केलं. कारखान्याने दुसरा कटर घेतला. मी तेव्हा बावीस वर्षांची होते आणि दाराआड उभी होते. त्यानंतर वहिनीने नव्या कापडाला कात्री लावली नाही.

हे सांगताना मला बरं वाटलं होतं. खोटं कशाला बोलू? आपल्याकडेही काहीतरी आहे, ज्याच्यासाठी माणूस कान पुढे करतं, असं वाटलं. कानवालीने माझ्या हातावर हात ठेवला होता. मला वाटलं, ती मला जवळची समजते. ती ऐकायचं काम करत होती, आणि तिचं काम तिला चांगलं येत होतं.

चौथा भाग झाल्यापासून माझ्या पोटात हेच होतं. मी तोंडाला कुलूप लावून बसले.

वहिनी रडली नाही. सहाव्या दिवशी म्हणाली, ‘वन्सं, तुमच्या फोनवर तो भाग लावा.’ लावला. ‘परत.’ परत लावला. टाचण्यांचा डबा मांडीवर घेऊन तिने तो तुकडा पंधरा-वीस वेळा पाहिला, मान तिरकी करून, कोटाचं अस्तर बघते तशी. मग फोनच्या काचेवरून अंगठा फिरवला आणि चित्र पुढेच पळालं, म्हणून मला शिवी दिली. मी परत मागे आणलं.

‘ही टीप मूळची नाही,’ ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी आम्ही टीव्हीवाल्यांच्या ऑफिसात गेलो. मला जायचं नव्हतं. मी म्हटलं, माझं डोकं दुखतंय. ती म्हणाली, ‘तिथे जाऊन दुखू दे.’

बिनकॉलर एका अंधाऱ्या खोलीत दोन पडद्यांसमोर बसला होता. कोपऱ्यात कानवाली होती. तिने मला पाहिलं आणि बॅगेत काहीतरी शोधायला लागली.

‘या, मावशी, या! चहा घेणार?’

‘चौथा भाग लाव,’ वहिनी म्हणाली.

त्याने लावला. वहिनीने पडद्याला बोट लावलं. ‘थांबव. हे बघ. वन्संचं मशीन झाकलेलं आहे. त्या दिवशी या दात दाखवायला गेल्या होत्या. माझ्या सुईत मरून रंगाचा दोरा आहे, पडद्यांच्या दुरुस्तीचा. तो मंगळवार. आता ऐक. माझ्या आवाजामागे यांचं मशीन चालू आहे. पट्टा टक् टक् करतोय, ऐकू येतंय? तो शुक्रवार. कोट शुक्रवारी आला. तू शुक्रवारचं बोलणं मंगळवारच्या तोंडाला शिवलंस. आणि मी तिथे पोराकडे बघत नाहीये, दारात टेम्पो लावला होता त्याच्याकडे बघतेय.’

तो मेला खूश झाला! टाळी वाजवली त्याने. ‘कमाल आहे! आमच्याकडे वीस वर्षं काम करणाऱ्यांना हे दिसलं नसतं!’

‘उसव.’

‘म्हणजे?’

‘उसव म्हणजे उसव. सगळ्यांना दिसेल असं दाखव, की ते खिशाबद्दल होतं.’

त्याने खुर्ची वळवली. ‘मावशी, दाखवून झालेला भाग परत कसा घेणार? आणि शब्द तर तुमचेच आहेत ना? एक अक्षर बदललेलं नाही.’

‘शब्द माझे. जागा तुझी.’

‘बघा, घडलं तसंच्या तसं दाखवणं ही एक गोष्ट झाली. आमचा प्रयोग त्याच्या पुढचा आहे. आम्ही आतलं खरं शोधतो.’

मला राहवलं नाही. मी म्हटलं, ‘आतलं शोधायला तू काय डॉक्टर आहेस? प्रयोग करायचे तर स्वतःच्या आईवर कर की.’

तो माझ्याकडे वळला, अगदी गोड हसून. ‘आत्या, निदान तुम्ही तरी असं म्हणू नका. ते खरं आम्हाला तुमच्याकडूनच तर कळलं.’

कानवालीचा हात बॅगेतच थांबला. वहिनी माझ्याकडे वळली नाही. तिने पर्स उचलली, पडद्यावरचा स्वतःचा चेहरा एकदा पाहिला आणि बाहेर पडली. बसमध्ये तिच्या शेजारची जागा रिकामी होती. मी उभी राहिले, शेवटच्या थांब्यापर्यंत. तिने बसा म्हटलं नाही.

घरी आल्यावर म्हणाली, ‘वन्सं, पोस्टमनकडून कोट मागून आणा.’ एवढंच.

पोस्टमनही फुगलेला होता. ‘माझा कोट तुमच्या घरच्या भानगडीत कशाला?’ मी म्हटलं, ‘तुमच्या खिशानेच भानगड केलीय.’ त्याने कोट दिला, पण संध्याकाळपर्यंत परत हवा म्हणून दोनदा बजावलं.

भाच्याच्या वर्कशॉपमध्ये जेवणाची सुट्टी होती. वहिनी कोट हातावर टाकून पुढे, मी मागे. आत शिरता शिरता कोणीतरी ओरडलेलं ऐकू आलं: ‘ए चुकून, मोठा पाना दे रे!’ सगळे हसले. आणि भाच्याने पाना दिला.

वहिनी दारातच थबकली. चौतीस वर्षांत मी तिच्या तोंडचा रंग उडालेला दोनदा पाहिला. एकदा भाऊ गेला तेव्हा. दुसऱ्यांदा तेव्हा, त्या दारात.

भाच्याने आम्हाला पाहिलं. ‘इथे कशाला आलीस?’

‘पाच मिनिटं दे. मग जाते.’

त्याने हात पुसले. आम्ही मागच्या बाजूला गेलो, जिथे लिफ्टचे जुने दरवाजे भिंतीला लावून ठेवलेत. वहिनीने कोट त्याला घालायला लावला, लहान मुलाला घालतात तसा, एकेक बाही धरून. म्हणाली, ‘आतल्या खिशात हात घाल.’ त्याचा उजवा हात सवयीने डावीकडे गेला. तिथे काही नव्हतं. उजवीकडचा खिसा सापडला, तेव्हा हात मनगटात मुरगळून आत घालावा लागला. ‘वन्सं, लावा,’ ती म्हणाली. मी फोनवर तिचा आवाज लावला. मुळात नकोच होता. चुकून झाला. झाला म्हणून ठेवला.

‘हा,’ वहिनी म्हणाली. ‘याच्याबद्दल.’ मग तिने त्याला टक् टक् ऐकवलं, झाकलेलं मशीन दाखवलं, मरून दोरा दाखवला. भाचा यंत्रांचा माणूस. टक् टक् ऐकल्याबरोबर त्याला समजलं. पट्टा तोच आहे, गेल्या वर्षी त्यानेच बदलायला सांगितलं होतं आणि मी बदलला नव्हता. त्याने हात खिशात तसाच ठेवला आणि हसला. आठ दिवसांनी. ‘काय गाढव आहे तो शिंपी,’ म्हणाला.

मला वाटलं, सुटलो. चला आता.

मग तो म्हणाला, ‘म्हणजे माझ्याबद्दल तू असं कधीच म्हणाली नाहीस.’

त्याने विचारलं नव्हतं. नुसतं म्हटलं होतं. वहिनीने मान हलवली असती तरी पुरलं असतं. मी तिच्याकडे बघत होते आणि मनात म्हणत होते, अहो, हलवा मान, एकदा हलवा.

‘म्हटलं होतं,’ वहिनी म्हणाली. ‘तू व्हायच्या आधी. तुझ्या आजीपाशी. कारखान्यातली जागा जात होती माझी. नको म्हटलं होतं.’

त्याचं हसू उतरलं. खिशातला हात बाहेर आला. ‘आणि नंतर?’

‘नंतर तू होतास ना समोर,’ ती म्हणाली, जरा चिडूनच. ‘नंतर कशाला म्हणू?’

त्याने कोट काढला, नीट घडी घातली, आईने शिकवली तशी, अस्तर बाहेर करून. मग म्हणाला, ‘पण हे त्या टीव्हीवाल्यांना कसं कळलं? त्यांनी उगाच नाही जोडलं. त्यांना कोणीतरी सांगितलं असणार.’

माझे कान गरम झाले. मी तोंड उघडलं असतं का? मला माहीत नाही. मला वाटतं, नसतं उघडलं.

वहिनीने त्याच्या हातातून कोट घेतला. ‘मीच कधीतरी बोलले असेन,’ ती म्हणाली. ‘दिवसभर तो माइक डोक्यावर. माणसाला कुठे लक्षात राहतं.’

ती हे त्याच्या डोळ्यांत बघून बोलली. आवाज हलला नाही. एवढं सरळ खोटं तिच्या तोंडून मी त्याआधी ऐकलं नव्हतं. भाच्याने मान हलवली. त्याला ते खरं वाटलं, कारण त्याची आई खोटं बोलत नाही हे अख्ख्या गल्लीला माहीत आहे.

दुसऱ्या दिवशी तो आला, आठ वाजून एकवीस मिनिटांनी. दारात उभा राहिला. ‘साखर कमी आहे,’ म्हणाला. ‘बरोबर आहे,’ ती म्हणाली. मी साखर दिली. त्याने माझ्याकडे बघून डोळा मारला, नेहमी मारतो तसा. वर्कशॉपमध्ये त्याला अजून चुकून म्हणतात, तो ओ देतो. वहिनीने त्या दिवसाबद्दल मला एका शब्दाने विचारलेलं नाही. दोन वाक्यं तोंडावर फेकली असती तर मी चार परत दिली असती आणि आमचं नेहमीसारखं सुरू झालं असतं. तिने तेवढंही केलं नाही. आता मला तिचा पहिल्यापेक्षा जास्त राग येतो. तिच्या पाठीला पाठ लावून बसले की माझी टीप वाकडी जाते. परवा तिने माझ्या हातून एक शर्ट घेतला, उलटा केला, अंगठा फिरवला आणि काही न बोलता स्वतःच उसवायला बसली.

तर भाच्या, हे तुझ्यासाठी आहे. तुझी आई त्या लोकांपाशी तुझ्याबद्दल कधी काही बोलली नव्हती. मी बोलले. मागच्या पायरीवर, चहा पिता पिता, कोणीतरी मला विचारलं एवढ्याच सुखावर. वर्कशॉपच्या मागे ‘मीच कधीतरी बोलले असेन’ असं ती तुला जे म्हणाली, ती टीप मूळची नाही. तिने ती माझ्यासाठी मारली. माझं तिचं पटत नसताना मारली. तिला तशी टीप शोभत नाही, म्हणून मी उसवतेय.

उद्या सकाळी तू आलास की हे कागद तुझ्या हातात देईन. मग चहात साखर माझ्या हातची घ्यायची की नाही, ते तू ठरव.